मॉरिन्होच्या पुण्याईवर तरलेला कोस्टा? जरा तारखा लावून बघू

२०२५ साली ५ ऑगस्टला पोर्तुगालच्या पोर्टो क्लबच्या सराव केंद्रात हृदयविकाराचा झटका येऊन जॉर्ज कोस्टा गेला. वय अवघं ५३. इंडियन सुपर लीगमधल्या मुंबई सिटीचा माजी प्रशिक्षक म्हणून आपल्याकडेही त्याच्यावर दोन-चार ओळी लिहिल्या गेल्या. त्या पाठोपाठ एक जुनाच मजकूर पुन्हा फिरायला लागला. फुटबॉलवाल्या मराठी ग्रुपांवर तो थोड्याफार फरकाने सगळ्यांनी वाचला असेल. त्याचा सारांश असा: कोस्टा हा एक धसमुसळा बचावपटू, लायबेरियाचा नामांकित आघाडीवीर जॉर्ज वेआ याचं नाक फोडणारा. जोसे मॉरिन्होसारखा प्रशिक्षक भेटला म्हणून युरोप जिंकला, नाहीतर कुणी ओळखलं नसतं. प्रशिक्षक म्हणून शून्य. मुंबईची दोन वर्षं फुकट घालवली आणि त्याच्या जागी लोबेरा आल्याबरोबर त्याच संघाने दोन करंडक उचलले. शेवटी नेहमीचा टोला आहेच, भारतात येतात ते सगळे निवृत्तीची सोय बघायला.

गेलेल्या माणसाबद्दल चांगलंच बोलावं, असा माझा आग्रह नाही. कोस्टाच्या कारकिर्दीत टीका करण्यासारखं बरंच आहे आणि ते पुढे येईलच. पण या मजकुरात घटनांचा क्रम उलटासुलटा झालाय, आणि क्रम लावला की त्यातली निम्मी विधानं जागच्या जागी कोसळतात.

पहिलं मॉरिन्होचं घेऊ. पोर्टोसाठी कोस्टाने पोर्तुगालची लीग आठ वेळा जिंकली. त्यातली मॉरिन्हो मुख्य प्रशिक्षक असताना किती? दोन. २००२-०३ आणि २००३-०४. उरलेली सहा त्याआधीची. १९९२-९३ चं विजेतेपद कार्लोस आल्बेर्तो सिल्वाच्या हाताखाली, नंतर १९९४-९५ आणि १९९५-९६ बॉबी रॉबसनच्या, पुढची दोन अँतोनियो ऑलिव्हेराच्या आणि १९९८-९९ चं फर्नांडो सांतोसच्या. (कुणी हटकण्याआधी सांगतो, रॉबसनच्या त्या दोन वर्षांत दुभाषा आणि सहायक म्हणून मॉरिन्हो पोर्टोतच होता. पण दुभाष्याला विजेतेपदाचं श्रेय द्यायचं तर मग बोलणंच खुंटलं.) १९९५ ते १९९९ अशी ओळीने पाच विजेतेपदं पोर्तुगालमध्ये दुसऱ्या कुठल्याच क्लबला जमलेली नाहीत. पाचही वेळा कोस्टा त्या संघात होता आणि या काळात प्रशिक्षक तीन झाले.

त्याच्याही मागे जा. १९९१ साली पोर्तुगालमध्ये युवा विश्वचषक झाला. लिस्बनच्या लूझ स्टेडियमवर सव्वा लाखाच्या वर माणसं आणि समोर ब्राझील. गोलशून्य बरोबरीनंतर पेनल्टी शूटआऊटमध्ये पोर्तुगालने बाजी मारली. फिगो आणि रुई कोस्टा यांची ती पिढी सगळ्यांना पाठ असते, पण त्याच संघाच्या बचावात एकोणीस वर्षांचा जॉर्ज कोस्टाही होता. तेव्हा मॉरिन्हो कुठे होता, हे शोधायचा खटाटोप ज्याचा त्याने करावा.

मग २००२ साली नेमकं काय झालं? इथे गोष्ट मजकुरातल्यापेक्षा जास्त रंजक आहे. २००१ च्या शरद ऋतूत पोर्टोचा प्रशिक्षक होता ऑक्टाव्हियो माशादो. एका सामन्यात त्याने कोस्टाला मधूनच बाहेर काढलं. कोस्टाने कर्णधाराची पट्टी दंडावरून ओढली आणि जमिनीवर भिरकावली. तिथून दोघांचं फाटलं ते फाटलंच. तीसच्या घरात आलेल्या, गुडघ्यांच्या गंभीर दुखापतींतून उठलेल्या या माणसाला क्लबने उसना म्हणून इंग्लंडात चार्लटनला धाडून दिलं. तिथे प्रीमियर लीगमध्ये तो इतका आवडता झाला की प्रेक्षकांनी त्याचं नाव रणगाडा ठेवलं. हे सगळं होईपर्यंत, जानेवारी २००२ मध्ये, मॉरिन्हो पोर्टोत मुख्य प्रशिक्षक म्हणून आला. उन्हाळ्यात त्याने कोस्टाला परत बोलावून घेतलं आणि पट्टीही परत दिली.

आता सांगा, कुणाला कुणाची गरज होती? मॉरिन्हो तेव्हा चाळिशीच्या अलीकडचा, नावावर एकही मोठा करंडक नसलेला प्रशिक्षक. ड्रेसिंग रूममध्ये त्याचा शब्द चालेल असा माणूस त्याला हवा होता. तो क्लबच्या अकादमीतून आलेला आणि पोर्टोचा दोन नंबरचा शर्ट जुन्या जुवाव पिंटोकडून वारशाने मिळालेला असेल तर सोन्याहून पिवळं. पुढे २१ मे २००३ ला सेव्हियात सेल्टिकला ३-२ हरवून युएफा कप, वर्षभराने २६ मे २००४ ला गेल्सेनकिर्शनमध्ये मोनाकोला ३-० हरवून चॅम्पियन्स लीग, आणि डिसेंबरात योकोहामात ओन्से काल्दासला पेनल्टींवर हरवून इंटरकॉन्टिनेंटल कप. युरोपातल्या दोन्ही अंतिम सामन्यांत संघ घेऊन उतरलेला कर्णधार कोस्टाच होता. २००३-०४ च्या लीगमध्ये पोर्टोने ३४ सामन्यांत अवघे १९ गोल खाल्ले.

मोनाकोचा तो अंतिम सामना कुठे सापडला तर पुन्हा बघा, आणि गोल सोडून पोर्टोची मागची फळी बघा. कोस्टा बत्तीस वर्षांचा, पळायला मुळातच संथ. मोनाकोची आघाडी चपळ. अशा वेळी संथ बचावपटू मागे मागे सरकतो आणि स्वतःच्या गोलकीपरच्या मांडीवर जाऊन बसतो. कोस्टा आणि रिकार्डो कार्व्हाल्यो उलट करत होते. चेंडू सोडला जाण्याच्या क्षणी पाऊल पुढे, त्यांच्या मागे राहिलेला प्रतिस्पर्धी नियमबाह्य, म्हणजे ऑफसाइड, आणि लाइन्समनचा झेंडा वर. मोनाकोचे खेळाडू त्या रात्री पुन्हा पुन्हा ऑफसाइड सापडले. नुसत्या अंगातल्या जोरावर हे होत नाही. ओळ कधी पुढे न्यायची हे एकाने ओरडून सांगावं लागतं आणि बाकी तिघांनी क्षणभरही शंका न घेता ऐकावं लागतं. दमछाक होऊ न देता खेळायची ही अक्कल ‘धसमुसळा’ या एका शब्दात बसत नाही.

धसमुसळेपणा होताच, तो नाकारत नाही. टाच, कोपर, ओरडा, पिवळी कार्डं, सगळं होतं. नव्वदच्या दशकातल्या पोर्टोच्या बचावात साधुसंत शोधू नयेत. पण वेआच्या नाकाचं काय? इथे तर मजकुराने गुन्हेगार आणि जखमी यांचीच अदलाबदल केलीय. २० नोव्हेंबर १९९६, पोर्टोचं अँटास स्टेडियम, चॅम्पियन्स लीगमध्ये एसी मिलानविरुद्धचा सामना. सामना संपल्यावर बोगद्यात वेआने कोस्टाला डोक्याने धडक मारली. नाक फुटलं ते कोस्टाचं. शस्त्रक्रिया करावी लागली, काही आठवडे तो बाहेर बसला. वेआवर सहा सामन्यांची बंदी आली. वेआचं म्हणणं होतं की कोस्टाने वर्णद्वेषी शेरेबाजी केली. कोस्टाने ते साफ नाकारलं, आणि युएफाने (युरोपीय फुटबॉलच्या संघटनेने) त्याच्यावर कारवाई केली नाही. बोगद्यात कोण काय बोललं याचा निवाडा मी इथे बसून करणार नाही, आणि वेआने उगाच राग धरला असंही म्हणणार नाही. पण नाक कुणाचं फुटलं, हा काही मतभेदाचा विषय नाही.

२००२ च्या विश्वचषकात अमेरिकेविरुद्ध त्याच्याकडून स्वयंगोल झाला आणि पोर्तुगाल ३-२ हरला, हेही कुणी कुणी जोडतं. खरं आहे. त्याच्या दोन वर्षं आधी युरो स्पर्धेच्या उपांत्य फेरीपर्यंत गेलेल्या पोर्तुगालच्या बचावात फर्नांडो कुटोच्या शेजारी तोच होता, हेही खरं आहे. देशासाठी ५० सामने. पुढे चला.

‘प्रशिक्षक म्हणून शून्य’ हा मुद्दा मात्र हाताळून बघण्यासारखा आहे, कारण यात थोडं तथ्य आहे. कोस्टा कुठेच फार टिकला नाही. २००७ च्या फेब्रुवारीत हंगाम अर्धा झालेला असताना ब्रागाची सूत्रं हाती घेतली, संघ चौथा आला, आणि त्याच वर्षी ऑक्टोबरात हकालपट्टी. रोमानियातल्या क्लूजला २०११-१२ चं विजेतेपद मिळालं, पण शेवटच्या टप्प्यात त्याला काढल्यावर. गॅबॉनच्या राष्ट्रीय संघासोबत २०१५ च्या आफ्रिकन करंडकात बुर्किना फासोला २-० हरवलं आणि पुढचे दोन सामने गमावून गाशा गुंडाळला. २०१७ चा करंडक गॅबॉनमध्येच होता, तर तो सुरू होण्याआधीच त्याला नारळ मिळाला. सायप्रस, फ्रान्स, ट्युनिशिया... यादी लांब आहे आणि प्रत्येक ठिकाणचा मुक्काम छोटा.

पण शून्य? ओल्यानेन्सवाल्यांना विचारा. पोर्तुगालच्या दक्षिण टोकाला आल्गार्व किनाऱ्यावर ओल्यांव नावाचं मासेमारीचं गाव आहे, तिथला हा क्लब. १९७५ नंतर पहिल्या श्रेणीचं तोंड पाहिलेलं नव्हतं. २००८-०९ मध्ये कोस्टाने त्यांना दुसऱ्या श्रेणीचं विजेतेपद मिळवून दिलं, ३४ वर्षांनी वर आणलं आणि पुढच्या हंगामात तिथे टिकवूनही दाखवलं. ज्यांनी छोट्या क्लबांचा वर येऊन लगेच खाली आपटण्याचा खेळ पाहिलाय, त्यांना दुसरी गोष्ट पहिलीपेक्षा अवघड असते हे माहीत आहे. २०१४ मध्ये पासोस दे फेरेराला तळातून ओढून प्ले-ऑफमध्ये वाचवलं तेही त्यानेच. तुटपुंज्या पैशांत, अडलेल्या संघाला हात देऊन बाहेर काढणारा प्रशिक्षक, असं त्याचं वर्णन करता येईल. थोर नव्हता. पण तसं म्हणणं आणि शून्य म्हणणं यांत फरक आहे.

आता आपल्या अंधेरीकडे.

कोस्टा ऑगस्ट २०१८ मध्ये मुंबई सिटीकडे आला. आदल्या हंगामात हा संघ दहांत सातवा होता. पहिल्याच सामन्यात, घरच्या मैदानावर, शहाजीराजे भोसले क्रीडा संकुलात जमशेदपूरने २-० हरवलं. ऑक्टोबर संपायच्या आत गोव्यात जाऊन ५-० चा मार खाल्ला. तिथे बरेच प्रशिक्षक गडबडून अकरा खेळाडू बदलतात. कोस्टाने मांडणी आवरली. मधल्या फळीत गर्दी केली, चेंडूचा हट्ट सोडला आणि उजव्या बगलेवरून आर्नोल्ड इसोकोला मोकळं रान दिलं. पुढे मोदू सूगू. हा सेनेगलचा आघाडीवीर कोस्टाच्या ओळखीचा, अकाडेमिका आणि क्लूज अशा दोन क्लबांत त्याच्या हाताखाली खेळलेला. मुंबईने नऊ सामने हार पाहिली नाही. डिसेंबरात केरला ब्लास्टर्सला ६-१ असं धुतलं, त्यात सूगूचे एकट्याचे चार. दोन दिवसांत ब्लास्टर्सने डेव्हिड जेम्सला निरोप दिला. हंगामाच्या शेवटी मुंबई ३० गुणांसह तिसरी. बंगळुरू आणि गोवा प्रत्येकी ३४ वर.

उपांत्य सामन्याचं समर्थन मी करणार नाही. अंधेरीत राफाएल बास्तोसने आघाडी मिळवून दिली आणि त्यानंतर गोव्याने पाच गोल केले. लोबेरा तेव्हा गोव्याचा प्रशिक्षक होता. गोव्यातला परतीचा सामना मुंबईने १-० जिंकला, पण त्याचा उपयोग काय? एकाच प्रतिस्पर्ध्याने एका हंगामात दोनदा पाच-पाच गोल मारावेत आणि दोन्ही वेळा तीच मोकळी जागा सापडावी, याचा जाब प्रशिक्षकालाच द्यावा लागतो. दुसऱ्या हंगामात बंगळुरूला त्यांच्या घरी ३-२ आणि अंधेरीत २-० हरवूनही संघ पाचवा राहिला, चेन्नईयिनपेक्षा तीन गुणांनी मागे. त्याच चेन्नईयिनशी घरच्या मैदानावरच्या निर्णायक सामन्यात ०-१ हार, आणि गोल कुणाचा, तर आदल्या हंगामात मुंबईच्याच बचावात खेळलेल्या लुसियन गोइयानचा! मार्च २०२० मध्ये कोस्टा गेला. करंडक नाही, हे मान्य.

पण ‘त्याच संघाने’ लोबेराकडे दोन करंडक उचलले? तोच संघ कुठला? मँचेस्टर सिटीची मालकी असलेल्या सिटी फुटबॉल ग्रुपने क्लबमधला ६५ टक्के हिस्सा घेतल्याची घोषणा झाली २८ नोव्हेंबर २०१९ ला, म्हणजे कोस्टाचा दुसरा हंगाम सुरू झाल्यावर, खेळाडूंची खरेदी उरकून गेल्यावर. २०२० मध्ये लोबेरा आला तो मोकळ्या हाताने आला नाही. मुर्तादा फॉल, अहमद जाहू, ह्युगो बुमूस, मंदार राव देसाई, अशी गोव्यातली अर्धी पंगत उठून मुंबईच्या पानावर बसली. लोबेराचं कर्तृत्व त्याने कमी होत नाही. तो या देशात आलेल्या उत्तम प्रशिक्षकांपैकी एक. पण तुलना करायची तर दोघांच्या हातातली पिशवीही शेजारी ठेवा.

आणि जे जुने राहिले त्यांच्याकडे बघा. १३ मार्च २०२१, फातोर्डा, एटीके मोहन बागानविरुद्धचा लीगचा अंतिम सामना, १-१ बरोबरी, घड्याळात नव्वदावं मिनिट. विजयी गोल केला बिपिन सिंगने, आणि बिपिन मुंबईत आला २०१८ साली, कोस्टाच्या पहिल्या हंगामात. मधल्या फळीतले रेनियर फर्नांडिस आणि रॉलिन बोर्जेस हे दोघे अनुक्रमे २०१८ आणि २०१९ मध्ये आलेले. कर्णधार अमरिंदर सिंग कोस्टाच्या आधीपासून होता, त्याला मी कोस्टाच्या खात्यात धरत नाही. बिपिन कोस्टाच्या काळात बऱ्याचदा बाकावर असायचा, तो लोबेराकडे फुलला, हेही सांगून टाकतो. तरी दोन वर्षं अगदीच फुकट गेली असती तर त्या रात्री मैदानावर यातलं कोण असतं?

राहिला निवृत्तीच्या सोयीचा टोला. मुंबई सोडली तेव्हा कोस्टा ४८ वर्षांचा होता. तिथून तो रोमानियात गाझ मेतानला गेला, मग फारेन्स, मग विझेऊ. २०२३ मध्ये त्याने एव्हीएस हा नुकताच उभा राहिलेला संघ हातात घेतला, दुसऱ्या श्रेणीत तिसऱ्या क्रमांकावर आणला आणि प्ले-ऑफमध्ये पोर्तिमोनेन्सला दोन्ही सामन्यांत हरवून पहिल्या श्रेणीत चढवला. त्याच, २०२४ च्या उन्हाळ्यात पोर्टोचे तेव्हाचे नवे अध्यक्ष आंद्रे व्हिलास-बोआस यांनी त्याला क्लबचा फुटबॉल संचालक म्हणून घरी बोलावलं, आणि शेवटपर्यंत तो त्याच कामावर होता.