नळ नको, कार्ट्रिज द्या!

आमच्या खारपाणपट्ट्यात बोअरचं पाणी नळाचं कार्ट्रिज, म्हणजे दांडी हलवली की पाणी चालू-बंद करणारा आतला भाग, टिकू देत नाही, मान्य. क्षार बसतो, रेतीचा कण सिरॅमिकच्या चकत्यांमध्ये घुसतो, ओरखडा पडला की टपटप सुरू. पण बाप्पा, सुटं कार्ट्रिज काहून भेटत नाही? जुन्या तोटीचं वायसर गावातल्या किराणा दुकानातही मिळायचं! आता तालुक्याला ३५ मिमीचं मागा, हार्डवेअरवाला ४० चं काढतो. माप जुळलं तर खालच्या खुंट्या जुळत नाहीत. वर म्हणतो, "भाऊ, नवा नळच घेऊन जा नं!" अरे, पितळी नळ चांगला धडधाकट आहे! कार्ट्रिज म्हणे अकोल्याले भेटन. मुठीएवढ्या तुकड्यासाठी एसटीनं अकोला? अन् तोवर घरी कॉक बंद.