जादूचा करार करताय? कलमं टाळा!

जादूची कादंबरी लिहायला घेतलीत ना? छान. पहिलं प्रकरण झालंच असेल. धुकं, पडका वाडा, तळघरात कातडी बांधणीची वही, आणि त्या वहीत जे लिहावं ते बाहेर खरं होतं. आता नायकाचा त्या वहीशी करार व्हायचाय. तेवढ्यासाठीच मी मधे तोंड घालतोय: करारात अट म्हणून घालू नका. अट आली की नायकाला डोकं चालवावं लागतं, आणि त्याच्याआधी तुम्हाला.

वन बीएचके भाड्यानं देताना आपण अकरा महिन्यांचा करार करतो आणि भिंतीला खिळा ठोकायचा नाही हेसुद्धा त्यात घालतो. ते ठीक आहे, भिंत आपली असते. सृष्टी उलथवणाऱ्या वहीला कसली आलीत कलमं! नायकानं लिहावं 'राक्षस मेला', की राक्षस मेला. मग हे पहिल्याच पानावर का नाही लिहिलं, असं कुणी विचारलं तर त्याला कल्पनाशक्ती नाही असं समजा आणि दुसरा खंड जाहीर करा.

जुन्या लोकांना हे कळलं नाही. हिरण्यकशिपूनं वर मागताना केवढी कलमं घातली! माणसानं मारू नये, पशूनं मारू नये, आत नको, बाहेर नको, दिवसा नको, रात्री नको. झालं काय? प्रतिपक्षानं मसुदा नीट वाचला आणि संध्याकाळची वेळ साधून, उंबरठ्यावर, मांडीवर घेऊन निकाल लावला. एका शब्दाचा भंग नाही. आता असा उंबरठा सुचायचा म्हणजे चार रात्री जागणं आलं. तुम्ही आपलं प्रकाशाचा झोत सोडा. झोताला कारण लागत नाही.

आणि व्यास! त्यांच्याकडून तर काहीच शिकू नका. महाभारत मनात तयार, लिहून घ्यायला माणूस नाही, म्हणून गणपतीला बोलावलं. गणपती म्हणाला, माझी लेखणी क्षणभरही थांबणार नसेल तरच लिहीन. दुसरा कुणी 'बरं देवा' म्हणून बसला असता. व्यासांनी उलटं कलम घातलं: 'अबुद्ध्वा मा लिख क्वचित्', म्हणजे समजल्याशिवाय एक अक्षर लिहायचं नाही. मग हे गृहस्थ मधूनमधून असा अवघड श्लोक टाकत, की सर्वज्ञ गणेशसुद्धा क्षणभर विचारात पडे आणि तेवढ्या वेळात यांचे पुढचे बरेच श्लोक रचून होत. असे ८८०० श्लोक आहेत म्हणे, आणि ते मला कळतात, शुकाला कळतात, संजयाला कळतात की नाही कोण जाणे, असंही वर ऐकवलंय. सांगणाऱ्याला थांबायची सोय नाही, लिहिणाऱ्याला न समजता पुढे जायची सोय नाही. असल्या जाचातून लाखभर श्लोकांचं पुस्तक निघालं म्हणतात. तुमचं त्याहून मोठं होईल, कारण तुम्हाला दोन्ही सोयी आहेत.

शिवाय या लेखकानं स्वतःच कथेत पाय घातला. कुरुवंश खुंटला तेव्हा सत्यवतीनं आपल्या या थोरल्या मुलालाच बोलावून घेतलं, आणि धृतराष्ट्र, पंडू, विदुर झाले. म्हणजे अठरा दिवस जे एकमेकांना कापत होते ते लेखकाचे नातू. पुस्तक त्याचं, वंश त्याचा, आणि त्यातल्या एकालाही तो लिहून वाचवत नाही. तुम्ही हात स्वच्छ ठेवा. नातू मेलाच तर पुढच्या खंडात जिवंत करा, वही आहेच.

करार झाला तरी तो टिकतो का, हाही प्रश्न आहे. विशेषतः पुण्यात. भांडारकर संस्थेनं १९१९ साली महाभारताची चिकित्सक आवृत्ती हाती घेतली. १२५९ हस्तलिखितं धुंडाळली, पोथ्या एकमेकींशी ताडल्या, १९६६ साली १९ खंडांत काम पुरं केलं. त्यात व्यास-गणेशाचा हा करारच नंतरची भर ठरला आणि मूळ संहितेतून उचलून परिशिष्टात गेला. प्रत्यक्ष विघ्नहर्त्याला पाठभेदाच्या नावाखाली मागच्या पानावर बसवायची हिंमत दुसऱ्या कुठल्या गावात झाली नसती. खरं तर त्या श्लोकातच 'बभूव किल लेखकः' असं आहे. किल, म्हणजे म्हणे. लेखक झाला म्हणे! भर घालणाऱ्यानं स्वतःची सुटका आधीच करून ठेवली होती. हा 'म्हणे' मात्र जरूर उचला, फार कामाला येतो.

संहितेतून गेलेला तो करार गावातून काही गेला नाही. भाद्रपदात कुठल्या ना कुठल्या मंडळाच्या मांडवात तो असतोच. व्यास बोलताहेत, गणपती लिहितोय, लायटिंग, मागे ध्वनिमुद्रित श्लोक. गणपतीचा हात मोटारीवर असतो. वर-खाली, वर-खाली, क्षणभर थांबत नाही. पहिलं कलम तो तंतोतंत पाळतो, दुसऱ्याचं त्याला कुणी विचारत नाही. कादंबरीसाठी तसलीच एक मोटार बघून ठेवा, विसर्जनानंतर स्वस्तात मिळते.