शोध लावा, पण सेरिझावा होऊ नका

तुमच्या हातून चुकून एखादा भयंकर शोध लागला आहे का? अभिनंदन! आता एकच पथ्य पाळा: १९५४ सालचा जपानी सिनेमा ‘गोजिरा’ (म्हणजे गॉडझिला, अणुचाचण्यांनी जागा झालेला राक्षस) चुकूनही पाहू नका.

त्यातला डॉ. सेरिझावा प्राणवायूवर संशोधन करतो आणि सापडतं भलतंच. पाण्यातला प्राणवायूच नष्ट! टाकीतल्या माशांचे बघता बघता सांगाडे. दुसऱ्या कुणी पेढे वाटून पेटंटचा अर्ज भरला असता. हा म्हणतो, काही चांगला उपयोग सापडेपर्यंत कुणाला सांगणार नाही. अहो, उपयोग शोधायला सरकार असतं ना!

आदर्श हवाच असेल तर त्याच वर्षीचा घ्या. १ मार्चला बिकिनी बेटावर अमेरिकेने हायड्रोजन बॉम्ब उडवला. अंदाज सहा मेगाटनांचा, निघाले पंधरा. (आमच्या घरी आमटीत मीठ अडीचपट पडलं, तर चार दिवस विषय पुरतो.) राख एका जपानी मासेमारी बोटीवर पडली. बोटीचं नाव, नशीब बघा, ‘भाग्यवान ड्रॅगन’. माणसं तेवीस. रेडिओ ऑपरेटर कुबोयामा सप्टेंबरात गेला. नोव्हेंबरात आलेल्या ‘गोजिरा’ची सुरुवातही समुद्रात अचानक पेटलेल्या बोटीनेच होते. बॉम्बबद्दल अमेरिकेचा खुलासा काय आला? वारा फिरला. तुम्हीही दोष वाऱ्यालाच द्या, तो उलटून बोलत नाही.

माहिती दडपायची कशी, हे मात्र याच सिनेमातून शिका. संसदेत एक सभासद कळवळून सांगतो की गोजिराचा अणुचाचण्यांशी असलेला संबंध जाहीर करू नका, परराष्ट्र संबंध बिघडतील. बायका त्याच्यावर ओरडतात. तिकडे दुर्लक्ष करा. अमेरिकेने १९५६ च्या आवृत्तीत ही कटकटच ठेवली नाही. अशी बोलणी बरीचशी कापली आणि मधे गोरा वार्ताहर म्हणून रेमंड बर हा नट बसवला.

सेरिझावाचं पुढे काय झालं? टीव्हीवर शाळकरी मुलींची शांतिप्रार्थना ऐकून विरघळला. गोजिराला मारायला शोध एकदाच वापरायला तयार झाला, पण आधी सगळे कागद जाळले. मग टोकियोच्या उपसागरात उतरला आणि काम झाल्यावर स्वतःचाच दोर कापला. का, तर सूत्र डोक्यात उरलं होतं! निवृत्त होऊन सल्लागार झाला असता तर?

पुढच्याच वर्षी दुसरा गोजिरा आला. कागद जळलेले, माणूस बुडालेला. शेवटी विमानांनी डोंगरावरचं बर्फ पाडून त्याला गाडावं लागलं. बर्फ! ज्याचं धड पेटंटही मिळत नाही.