कथागीते आणि भटकंती : एका प्रतिक्रियेला उत्तर

सप्रेम नमस्कार.

स्कॉटलंड आणि आयर्लंडमधील ट्रॅव्हलर या भटक्या समाजाच्या कथागीतांवरील (बॅलड, म्हणजे गोष्ट सांगणारी लोकगीते) माझ्या लेखावर आपले दोन आक्षेप आहेत : ध्वनिमुद्रण करणाऱ्या संशोधकांना मी श्रेय दिले नाही, आणि गाणी जपण्याच्या प्रश्नात भटकंतीचा हक्क विनाकारण घुसडला.

पहिला आक्षेप मला मान्य आहे. फ्रान्सिस जेम्स चाइल्ड या अमेरिकन अभ्यासकाच्या ३०५ कथागीतांच्या संग्रहातील एकविसावे गीत लोकांच्या तोंडून केव्हाच नाहीसे झाले, असे अभ्यासक धरून चालले होते. ते १९६०च्या दशकात टॉम मनेली या लोकगीत-संग्राहकाला आयर्लंडमधील बॉयल गावी जॉन रायली या ट्रॅव्हलर गायकाकडे सापडले. रायली १९६९ मध्ये हलाखीतच वारले. मनेली गेले नसते, तर रायलींचा आवाज आपल्या कानी पडलाच नसता.

दुसऱ्या आक्षेपाशी मात्र मी सहमत नाही. हेमिश हेंडरसन या स्कॉटिश लोकगीत-संशोधकाने १९५३ मध्ये स्कॉटलंडमधील ॲबर्डीन शहरात ज्यांचा शोध लावला (हा शब्द मला खटकतो, कारण त्यांचा समाज त्यांना आधीपासूनच ओळखत होता), त्या ट्रॅव्हलर गायिका जीनी रॉबर्टसन यांची गाणी त्यांच्या मुलीने, लिझी हिगिन्स यांनी, घरातच उचलली; परंतु वडील बॅगपाइप वाजवत असल्यामुळे त्या वाद्याच्या हरकती लिझींच्या गळ्यात आल्या आणि आईचेच गाणे वेगळे झाले. ही देवघेव सहवासातून होते, ध्वनिफितीतून नव्हे. स्कॉटलंडमधील ब्लेअरगावरीच्या मळ्यांत रासबेरीच्या तोडणीसाठी कुटुंबे तंबू ठोकून राहत आणि रात्री शेकोटीभोवती गाणी होत. हेंडरसन यांनी तेथेही भरपूर ध्वनिमुद्रण केले. तो मुक्काम हीच त्या गायकीची शाळा होती. आयर्लंडने २०१७ मध्ये ट्रॅव्हलर समाजाला स्वतंत्र वांशिक समूह म्हणून मान्यता दिली खरी, पण परवानगीवाचून जागेवर कॅराव्हॅन उभी करणे २००२ च्या कायद्यानेच गुन्हा ठरवले होते. मुक्कामच गुन्हा ठरला, तर शेकोटी कोठे पेटणार?

‘बॅलड’साठी ‘पोवाडा’ हा प्रतिशब्द आपण सुचवला आहे. तो वीररसाचा, डफ-तुणतुण्याच्या साथीचा. ही गीते बहुधा साथीविना गायिली जातात आणि त्यांत घरातले खून, फसवणूक, शाप येतात. म्हणून ‘कथागीत’च बरे.

संशोधकांविषयीचे वाक्य मी मूळ लेखात दुरुस्त केले आहे. भटकंतीचा परिच्छेद तसाच ठेवला आहे.