कुत्र्याचं पोट म्हणजे भट्टी नव्हे भाऊ

पोळ्यापासून गावच्या ग्रुपवर एक मेसेज फिरून राह्यला, "कुत्र्या-मांजराचं पोट म्हणजे भट्टी, हाडं, तर्री, दूध सारं गळून जाते, आतून दोघं एकच, ताप आला तं आपलीच गोळी अर्धी द्या". आमच्या मोठेबाबांनी मले तीनदा पाठवला, म्हणून लिहून राह्यलो.

आधी भट्टीचं पाहू. कुत्र्याच्या पोटातलं ॲसिड तेज असते हे खरं, कच्चं हाड थे बरंचसं नरम करते. पण आपण टाकतो थे चुलीवर शिजलेलं, ठिसूळ झालेलं, चावलं का त्याच्या टोकदार चिपा निघते अन् घशात नाहीतर आतड्यात रुतते. आमच्या मोत्यानं कंदुरीच्या दुसऱ्या दिवशी भरपूर हाडं खाल्ली, मंग दोन दिवस नुसता कुथत बसे, काहीच होईना. तालुक्याच्या डॉक्टरनं हातमोजा घालून काढलं तं चुन्याच्या ढेकळासारखा पांढरा गोळा, अन् त्यात नखाएवढ्या चिपा जशाच्या तशा, धारबी गेली नव्हती. पूर्ण आतडं पार करून आल्या होत्या त्या! कुठं गेली भट्टी?

तर्रीत कांदा-लसूण असते, त्यानं दोघांच्याही रक्तातल्या लाल पेशी फुटते. बस, एवढंच पुरे.

आता "आतून दोघं एकच". कुत्र्याले ४२ दात, मांजरीले ३०. कुत्र्याच्या मागच्या दाढा थोडंफार दळते, मांजरीच्या नाही, ती कैचीसारखं कापते अन् गिळते. पिठूळ खाणं पचवायचा जो जीन असते ना, त्याच्या प्रती लांडग्यात दोनच अन् कुत्र्यात त्याहून कितीतरी जास्त, हे २०१३ च्या संशोधनात निघालं, म्हणजे माणसाच्या उष्ट्यावर हजारो वर्षं राहून कुत्र्याले ज्वारीची भाकर पचाले लागली. मांजर मात्र पक्की मांसाहारी. टॉरिन नावाची चीज तिचं शरीर पुरेशी बनवत नाही, मांसातूनच भेटते, नाही भेटली तं डोळ्याचा पडदा खराब होते अन् हृदय कमजोर पडते. "आमची तं दूधभाकरीवरच जगते" म्हणता, अरे बाप्पा, ती रातभर कोठीतले उंदीर मारून खाते, पोसते उंदीर अन् नाव होते दुधाचं. उलट मोठ्या मांजरीले बरेचदा दूध पचतच नाही, पिल्लूपण सरलं का दुधातली साखर तोडणारं एन्झाइम कमी होते, मंग हगवण.

गोळीचं मात्र मजाक नाही. पॅरासिटामॉल आपलं लिव्हर ज्या रस्त्यानं बाहेर काढते थो रस्ता मांजरीत जवळपास बंदच असते. अर्ध्या गोळीनं मांजर मरू शकते: हिरड्या तपकिरी-निळ्या पडते, तोंड सुजते, दम लागते. चुकून गेलीच असन पोटात तं मीठपाणी पाजून ओकवत बसू नका, गोळीचं पाकीट खिशात टाका अन् तसंच उचलून दवाखान्यात न्या.