आजीच्या भूमिकेला शेवटची तारीख हवी

अभिनेत्री ज्योती चांदेकर १६ ऑगस्ट २०२५ रोजी पुण्यात गेल्या आणि ‘ठरलं तर मग’ मालिकेत त्या करत असलेल्या पूर्णा आजीचं पुढे काय करायचं, यावर महाराष्ट्रात घरोघरी मतं पडली. कुणी म्हणालं भूमिका तिथेच थांबवा, कुणी म्हणालं तोलामोलाची दुसरी अभिनेत्री आणा. पुढे त्या भूमिकेत रोहिणी हट्टंगडी आल्या आणि वाद निवला. मेक्सिकोतून तो वाचताना एक गोष्ट सारखी खटकत राहिली. सगळं बोलणं प्रेक्षकांच्या भावनांचं आणि कथानकाच्या सोयीचं होतं. साठी-सत्तरीतली अभिनेत्री तीन-तीन वर्षं एकच आजी करत राहते, तेव्हा तिच्या कारकिर्दीचं काय होतं, हे कुणी विचारलंच नाही. मालिका ताणतात म्हणून आपण एरवी भरपूर ओरडतो, पण ते आपल्याला कंटाळा येतो म्हणून. ताणलेल्या मालिकेचा खरा फटका चरित्र अभिनेत्रीला बसतो. हे इथे राहून जास्त स्पष्ट दिसतं, कारण इथली टेलिनोव्हेला, म्हणजे रोजची मालिका, संपण्यासाठीच सुरू होते.

मेक्सिकन चरित्र अभिनेत्री कार्मेन सालिनास यांची कारकीर्द बघा. जन्म ५ ऑक्टोबर १९३९, उत्तरेकडच्या कोआउइला राज्यातल्या तोरेऑन शहरातला. गायक-गायिकांच्या नकला करत त्या पुढे आल्या. १९६४ मध्ये ‘ला वेसिंदाद’मधून टीव्हीवर आल्या. १९७५ च्या ‘बेयास दे नोचे’ या सिनेमात त्यांनी केलेली ‘ला कोर्चोलाता’ ही दारुडी लोकांच्या डोक्यात कायमची बसली. त्याच बाई १९७८ मध्ये आर्तुरो रिपस्टीन यांच्या सिनेमात दिसतात, १९९१ मध्ये मारिया नोवारो यांच्या ‘दान्सोन’मध्ये दिसतात, आणि १९९५ मध्ये ‘मारिया ला देल बार्रियो’ या मालिकेत थालियाने केलेल्या गरीब नायिकेची धर्ममाता आग्रिपिना होतात. नंतर २००९, २०१०, २०१४ अशा अधूनमधून मोठ्या मालिका येत गेल्या. ‘मी कोरासोन एस तुयो’ जून २०१४ मध्ये सुरू झाली आणि मार्च २०१५ मध्ये आटोपली. २००९ ची ‘आस्ता के एल दिनेरो नोस सेपारे’ वर्षभराच्या आसपास चालली, तर ती इथल्या हिशेबाने लांबलचक!

मधल्या मोकळ्या काळात या बाईंनी काय केलं, ते मला सर्वात महत्त्वाचं वाटतं. १९९७ मध्ये मेक्सिको सिटीतल्या ‘सालोन लोस आंखेलेस’ या जुन्या नाचघरात त्यांनी ‘आव्हेंतुरेरा’ हा संगीतप्रयोग उभा केला. निर्मात्या त्या स्वतः. नायिका बदलत गेल्या, आधी एडिथ गोन्सालेस, मग इतर, आणि प्रयोग वर्षानुवर्षं चालला. २००४ मध्ये त्या हॉलिवूडच्या ‘मॅन ऑन फायर’मध्ये दिसल्या. २०१५ ते २०१८ संसदेत खासदार होत्या. त्या निवडीवर इथे सडकून टीका झाली, आणि त्यातली बरीच मला पटते. पण दुय्यम भूमिका करणाऱ्या अभिनेत्रीच्या हातात स्वतःचं नाटक, स्वतःची कमाई आणि पुढची भूमिका नाकारण्याची ताकद होती. दर महिन्याला पंचवीस दिवस एकाच सेटवर बांधलेल्या बाईला हे जमलं नसतं. ८ नोव्हेंबर २०२१ ला त्यांची ‘मी फोर्तुना एस आमार्ते’ सुरू झाली, दोनच दिवसांनी त्यांच्या मेंदूत रक्तस्राव झाला आणि ९ डिसेंबरला, ८२ व्या वर्षी, त्या गेल्या. शेवटपर्यंत काम होतं, आणि ते नवं काम होतं.

शेवट ठरलेल्या मालिकेचा हा साचा आपल्याला परका नाही. १९८२ मध्ये भारताचे तेव्हाचे माहिती व प्रसारण मंत्री वसंत साठे मेक्सिकोला आले असता त्यांनी इथले निर्माते मिगेल साबिदो यांच्या समाजप्रबोधनाच्या टेलिनोव्हेला पाहिल्या. साक्षरतेवरची ‘व्हेन कोन्मिगो’ १९७५ ची, कुटुंबनियोजनावरची ‘आकोंपान्यामे’ १९७७ ची. त्यातूनच दूरदर्शनवर ७ जुलै १९८४ ला ‘हम लोग’ सुरू झाली आणि १५६ भागांनी संपली. म्हणजे एका मराठी मंत्र्यामुळे आलेली मूळ कल्पना शेवटासकट आली होती. तो शेवट पुढे आपण गाळला.

शेवट ठरलेला असला की भूमिकेत काय फरक पडतो? इथे चित्रीकरण प्रक्षेपणाच्या बरंच आधी सुरू होतं, आणि पुष्कळदा गोष्ट जुन्या किंवा दुसऱ्या देशातल्या मालिकेवरून घेतलेली असते. सालिनास यांच्या ‘आस्ता के एल दिनेरो नोस सेपारे’ची मूळ गोष्ट कोलंबियाच्या फेर्नांदो गाइतान यांची. त्यामुळे शेजारीण, मोलकरीण, मानलेली आई यांपैकी जे काही वाट्याला येतं, त्याचा प्रवास अभिनेत्रीला ढोबळ का होईना ठाऊक असतो. कुठल्या प्रसंगात रडायचं, कुठल्यासाठी राखून ठेवायचं, हे तिला ठरवता येतं. आपल्याकडे सीन बहुधा त्याच दिवशी हातात पडतो, गुरुवारी टीआरपी येतो आणि आजीचा ट्रॅक वाढतो किंवा गायब होतो. तीनशेव्या भागात नातीला माफ केलेली आजी साडेचारशेव्या भागात तिच्यावरच का उखडते, याचं उत्तर लेखकाकडेही नसतं. अभिनेत्री मग हमखास चालणारे चार हावभाव पकडते आणि त्यांवरच निभावून नेते. यात तिचा दोष नाही.

सेटवरची एक नेहमीची संध्याकाळ घ्या. दिवाणखान्यात अख्खं कुटुंब उभं असलेला प्रसंग आहे. आधी मास्टर शॉट होतो, म्हणजे सगळे एकत्र दिसतात तो. मग क्लोज, म्हणजे एकेकाच्या चेहऱ्याचे शॉट, सुरू होतात: नायिका, नायक, खलनायिका, कारण त्यांना पुढच्या सीनला जायचंय. आजीचा क्लोज शेवटी, रात्री साडेआठ-नऊला. तोवर समोरचे कलाकार गेलेले असतात, क्यू, म्हणजे समोरच्याचं वाक्य, देतो सहायक दिग्दर्शक, तोही सपाट आवाजात, कॅमेऱ्याच्या कडेला उभा राहून. सकाळी नऊपासून मेकअप करून बसलेल्या बाईने रिकाम्या जागेकडे बघून डोळ्यांत पाणी आणायचं. पैसे दिवसाप्रमाणे, आणि हातात येतात तीन महिन्यांनी. ट्रॅक आटला की दिवस आटतात, पण तारखा अडकलेल्याच राहतात, म्हणून नाटकाच्या तालमीला हो म्हणता येत नाही. मालिका संपल्यावर बोलावणं येतं ते तशाच आजीचं, तशाच काठाच्या साडीत.

मेक्सिकोची प्रत्येक गोष्ट उचलावी, असं मुळीच नाही. इथली ‘आपुन्तादोर’ची पद्धत तर आपण लांबच ठेवावी. कानात वाटाण्याएवढं यंत्र असतं, त्याला इथे वाटाणाच म्हणतात. सेटबाहेर बसलेला माणूस माइकवर सगळ्यांचे संवाद वाचत जातो, सोबत ‘डावीकडे वळ’, ‘पत्र उचल’ अशा सूचनाही देतो, आणि कलाकार ऐकत-ऐकत बोलतात. पाठांतर नसल्यामुळे दिवसाला वीस-वीस सीन निघतात. पण बोलण्याची लय वाचणाऱ्याची होते, समोरच्याचं वाक्य आधीच कानात पडल्यामुळे चेहऱ्यावरचं आश्चर्य खोटं वाटतं, आणि ऐकण्याच्या त्या क्षणी नजर रिकामी होते. क्लोजमध्ये ती लपत नाही. नाटकात मुरलेल्या मराठी अभिनेत्रीचं पाठांतर आणि समोरच्याचं ऐकणं या यंत्रापेक्षा कितीतरी मोलाचं आहे.

दुसरा दोष पैशांचा. टेलेव्हिसा ही इथली मोठी टीव्ही कंपनी वर्षानुवर्षं कलाकारांना मासिक पगारावर एकनिष्ठतेच्या करारात बांधून ठेवायची, आणि स्पर्धक वाहिनीकडे गेलेल्याला दरवाजे बंद व्हायचे. गेल्या दशकात कंपनीने ते करार मोठ्या प्रमाणावर संपवले, तेव्हा वयस्क चरित्र कलाकारांची मिळकत एकदम तुटली. कामातला रंगभेदही तसाच आहे. गोरी नायिका, सावळी मोलकरीण, आणि सालिनास यांच्या वाट्याला बहुतेक वेळा वस्तीतलीच बाई. मात्र पडल्यावर धरायला इथे काहीतरी आहे. ‘आंदा’ ही कलाकारांची संघटना १९३४ पासूनची, तिचं वृद्ध कलाकारांसाठी घर आहे, आणि पुनःप्रक्षेपणाचे पैसे गोळा करून कलाकारांना वाटणारी ‘आंदी’ ही वेगळी संस्था आहे. आपल्याकडे २०१२ च्या दुरुस्तीने कॉपीराइट कायद्यात कलाकाराच्या रॉयल्टीचा उल्लेख आला, पण मालिकेतल्या आत्या-आजीपर्यंत तो पोचल्याचं दिसत नाही.

आशालता वाबगावकर यांचीही आठवण होते. गोव्यातून आलेल्या, ‘मत्स्यगंधा’ गाजवलेल्या या गायिका-अभिनेत्री सप्टेंबर २०२० मध्ये, ७९ व्या वर्षी, साताऱ्यात मालिकेचं चित्रीकरण सुरू असताना कोविड होऊन गेल्या. त्या वयात काम करण्याची हौस आणि गरज दोन्ही खऱ्या असतात, म्हणून ‘म्हाताऱ्या माणसांनी घरी बसावं’ हे उत्तर मला मान्य नाही.

निर्माते म्हणतील, टीआरपी देणारी मालिका दीडशे भागांत कोण बंद करेल? ठीक आहे, मालिका चालू द्या. करार भूमिकेचा करा: सहा महिने किंवा ठरलेले दिवस, मुदत संपली की नव्या दराने नवा करार, आणि दोघांपैकी कुणालाही नकाराची मुभा. दर महिन्याच्या दिवसांची हमी लिहून घ्या, आणि त्या दिवसांचे पैसे सीन झाला-न झाला तरी द्या. साठीच्या पुढच्या कलाकाराला आठ तासांची शिफ्ट द्या, आणि त्यांचा क्लोज मास्टरनंतर लगेच घ्या, समोरचे कलाकार सेटवर असतानाच. क्लोजचा क्रम बदलायला एक रुपयाही लागत नाही. कथेत आजीला धाकट्या मुलाकडे चार महिने पाठवणं लेखकाला अवघड नाही. तेवढ्यात त्या अभिनेत्रीचं एक नाटक उभं राहतं.