पॅरिसला सगळं चालतं म्हणे!

पायल कपाडियाचा 'ऑल वी इमॅजिन ॲज लाइट' नोव्हेंबर 2024 मध्ये भारतात लागला आणि त्यातली मुंबई, रत्नागिरी, छाया कदमचं काम, कान महोत्सवातलं ग्रां प्री बक्षीस, सगळं राहिलं बाजूला, व्हॉट्सॲपवर फिरली ती त्यातली नटी दिव्या प्रभा हिच्या एका उघड्या सीनची क्लिप. आमच्या नातेवाईकांत लगेच दोन पार्ट्या. एक म्हणे फ्रेंच पैसा आला की हे असलंच येणार, दुसरी म्हणे बघा तिकडचे लोक किती मोकळे, आणि दोघांना साक्षीदार मी, कारण मी पॅरिसला राहते ना!

अहो पण इथला 'तसला' सिनेमा बघायला बसलात तर निम्मे जण जांभया देतील. दिग्दर्शक बुन्युएलचा 'बेल द जूर' (1967) घ्या, सर्जनची बायको दुपारी कुंटणखान्यात जाते, एवढं ऐकून माणसं सरसावून बसतात, पण एक गिऱ्हाईक छोटीशी पेटी उघडतं, आतून गुणगुण ऐकू येते, आणि आत काय ते शेवटपर्यंत दाखवतच नाहीत. सगळा खेळ तिच्या डोक्यातला. दिग्दर्शक बेर्तोलुचीच्या 'लास्ट टँगो इन पॅरिस' (1972) मध्येही रिकामा फ्लॅट, कॅमेरामन स्तोरारोचा नारिंगी उजेड, एकमेकांना नावं न सांगणारी दोन माणसं, आणि बायकोनं आत्महत्या केल्यावर सैरभैर झालेला नायक, मार्लन ब्रँडो. उघडी शरीरं आहेतच, पण माझ्या लक्षात राहिला तो एकटेपणा.

आणि मोकळेपणाचं म्हणाल तर 1976 मध्ये इटलीच्या कोर्टानं या 'लास्ट टँगो'च्याच प्रिंट्स नष्ट करायला सांगितल्या होत्या. आपल्याकडे 2017 ला सरकारनं रवी जाधवचा 'न्यूड' गोव्याच्या इफ्फी चित्रपट महोत्सवातून काढला, तसलीच जातकुळी.

आता इथला वाद बदललाय. 'लास्ट टँगो'तल्या बलात्काराच्या सीनमध्ये लोणी वापरायचं हे बेर्तोलुची आणि ब्रँडोनं त्याच दिवशी सकाळी ठरवलं आणि त्यातली नायिका, 19 वर्षांच्या मारिया श्नायडरला मुद्दाम सांगितलं नाही, हे बेर्तोलुची स्वतःच नंतर बोलला. ती आयुष्यभर त्या अपमानाबद्दल सांगत राहिली, फार कमी जणांनी ऐकलं. डिसेंबर 2024 मध्ये पॅरिसच्या सिनेमाथेक या फिल्म संग्रहालयात याचा शो होता, महिला संघटना भडकल्या, शेवटी सुरक्षेचं कारण देऊन रद्द. तसंच, आपण ती क्लिप फॉरवर्ड करतोय तर दिव्या प्रभाला काय वाटत असेल, हे आमच्या दोन्ही पार्ट्यांत कुणी विचारलं नाही.

शो रद्द केला ते मात्र मला नाही पटलं. दाखवायचा, पण आधी मारियाची मुलाखत लावायची, आणि मग हॉलमध्ये काय भांडायचं ते भांडा.